डब्यांवरची अक्षरं

४ फेब्रुवारी, मंगळवार

डॉक्टरीणबाईंनी बजावलं आहे की रोजचं लिहून ठेवा. काय खाल्लं, पाणी किती गेलं, झोप लागली का, हात हलला का. म्हणून ऑर्डरची जुनी वही काढली. पुढच्या पानांवर दुकानांच्या बोर्डांची मापं आहेत, मागची पानं कोरी होती. चाळीस वर्षं दुसऱ्यांची नावं रंगवण्यात गेली. स्वतःचं काही लिहायला आज पहिल्यांदा बसलोय, तेही बायकोच्या आजारपणामुळे.

काल तिला घरी आणलं. उजवा हात आणि पाय गेलाय. तोंड एका बाजूला ओढलं आहे, बोलायला जाते तर नुसता आवाज येतो. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "काका, जीभ आणि ओठ साथ देत नाहीत, पण डोकं शाबूत आहे. त्यांना सगळं कळतं. आता पोटात अन्न गेलं पाहिजे. नाही गेलं तर पुढचं सांगता येत नाही. त्यांना काय हवं, काय दुखतं, ते काढून घ्या त्यांच्याकडून." मी हो म्हणालो. हिच्याकडून काही काढून घेणं धडधाकट असतानाही मला जमलं नव्हतं, हे त्यांना कशाला सांगू?

पेज दोन चमचे. पाणी अर्धा पेला. हात हलला नाही.

५ फेब्रुवारी

स्वयंपाकघर माझ्या ताब्यात आलं आणि माझी फजिती सुरू झाली. पेजेत मीठ घालायला 'मीठ' लिहिलेला डबा उघडला, आत चहापूड. 'साखर' उघडला, आत तांदूळ. मीठ शेवटी 'रवा' मध्ये सापडलं.

हे बारा डबे मीच तिला रंगवून दिले होते, लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात. लाल अक्षर, त्याला पिवळी सावली. तेव्हा नवा नवरा होतो, हौस उतू चालली होती. तिने प्रत्येक डब्यावरून हात फिरवला आणि म्हणाली, "किती सुंदर काढलंय हो." आणि दुसऱ्या दिवसापासून वाटेल ते वाटेल त्या डब्यात. मी हजारदा डोकं आपटलं. तिचं उत्तर ठरलेलं: "मला सापडतं ना? मग झालं." अशी हट्टी बाई मी दुसरी पाहिली नाही.

पेज तीन चमचे गेली. चौथ्याला तोंड फिरवलं.

७ फेब्रुवारी

आज एक युक्ती केली. एक पांढरा पत्रा घेऊन त्यावर ठसठशीत काळ्या अक्षरांत लिहिलं: पाणी, भूक, दुखतंय, थंडी, लघवी, लेकीला बोलवा. डावा हात चांगला आहे, तर नुसतं बोट ठेवायचं. अक्षरं अशी काढली की रस्त्यावरून वाचता यावीत. डॉक्टरीणबाईही म्हणाल्या, छान केलंत.

तिच्यासमोर धरला. तिने बराच वेळ पाहिलं. डाव्या हाताने कडेवरून बोट फिरवलं, मग माझ्याकडे पाहून मान हलवली. मोठा बोर्ड पुरा झाला की हलवायची तशीच, म्हणजे चांगला झालाय. मी म्हणालो, "अगं, कौतुक नको. काय हवंय ते दाखव." तिने डोळे मिटून घेतले.

संध्याकाळी तिचं अंथरूण ओलं झालं. 'लघवी' समोरच लिहिलेलं होतं. माझ्या तोंडून निघून गेलं, "बोट ठेवायला काय झालं होतं?" ती रडली. मला स्वतःची लाज वाटली. चादर बदलताना मीही रडलो, पण तोंड तिकडे करून.

८ फेब्रुवारी

रागावली आहे माझ्यावर, दुसरं काय. कळत असून बोट ठेवत नाही म्हणजे राग. कशाचा असेल ते शोधत बसलोय. जुनी एक गोष्ट सारखी डोक्यात येते, लिहूनच टाकतो.

आमच्या घरात एक रीत आहे. कुठलाही बोर्ड घराबाहेर जाण्याआधी ती रस्त्यापलीकडे जाऊन उभी राहणार आणि मी इकडे बोर्ड धरून. ती बघणार. "तिसरं अक्षर कलतंय." "मधली फट जास्त झाली." तिचं चुकायचं नाही. तिने मान हलवल्याशिवाय एकही बोर्ड गेला नाही. धंद्यातली माणसं मला विचारायची की तुझ्या अक्षरात ठेहराव येतो कुठून. मी म्हणायचो, घरात नजर आहे.

सव्वीस वर्षांपूर्वी दोन बोर्ड एकाच मापाचे वाळत टाकले होते. एक दवाखान्याचा, एक केस कापायच्या दुकानाचा. मी बाहेर जाताना सांगून गेलो की हातगाडीवाला येईल, दवाखान्याचा दे. बाईसाहेबांनी दुसरा दिला. दवाखान्यावर अर्धा दिवस 'केशकर्तनालय' लटकत होतं. तिथला डॉक्टर मला चार माणसांत नको ते बोलला. मी घरी येऊन हातगाडीवाल्यासमोर तिला म्हणालो, "आंधळी आहेस का?" आदल्या दिवशी आमचं भांडण झालं होतं, म्हणून मुद्दाम केलं असं मला वाटलं. आठ दिवस बोललो नाही. ती एका शब्दाने भांडली नाही, आणि त्याचाच मला जास्त राग आला. त्यानंतर बोर्ड न्यायला माणूस येणार असला की ती विचारायची, "डावा का उजवा, तेवढं सांगा." टोमणाच तो. मी कधी उत्तर दिलं, कधी नाही.

ही वही तिच्या उशापाशी राहिली होती. वाचली तर काय म्हणेल? आता गादीखाली सरकवून ठेवतोय.

११ फेब्रुवारी

आज डब्यांचा सोक्षमोक्ष लावला. बाराही डबे रिकामे करून घासले, जुनी अक्षरं खरवडली आणि जे आत तेच बाहेर असं नव्याने रंगवलं. झाकणांच्या मुठींना मळके दोरे बांधलेले होते, कुणाला एक गाठ, कुणाला दोन, कुणाला तीन. कशाला बांधले होते ते तिलाच ठाऊक. कात्रीने कापून टाकले. पत्र्याला ठिकठिकाणी पोचे होते, तेही ठोकून सरळ केले. फळीवर ओळीने लावल्यावर दुकानातल्यासारखे दिसायला लागले.

पलंगावरून तिला फळी दिसते. ती टक लावून बघत होती. डोळ्यांतून घळाघळा पाणी. मी म्हणालो, "आवडले ना? चाळीस वर्षांनी का होईना, तुझं घर लावून दिलं." तिने डावा हात उचलून माझ्या मनगटावर ठेवला.

ओट्याच्या खणात चिठ्ठ्यांचा गठ्ठा निघाला. पेन्सिलीने काढलेली बारीक चित्रं आहेत: साबण, कांदे, दिव्याची वात, बाटली, त्यांच्यापुढे रेघा. लेकीची लहानपणची चित्रं असणार. आईच ती, जपून ठेवली आहेत.

पेज पाच चमचे. मनगटावर हात ठेवला, तेही लिहायला पाहिजे, हात हलला म्हणून.

१३ फेब्रुवारी

वाण्याकडे गेलो. माझी यादी बघून म्हणाला, "काका, तुमची यादी म्हणजे सरकारी कागद. काकूंची यादी आली की दुकानात सगळे बघायला जमायचे." मी म्हणालो, तिचं अक्षर इतकं वाईट आहे होय? तो काहीतरी बोलणार होता, पण गिऱ्हाईक आलं.

खरंच, तिचं अक्षर मी पाहिलंय कुठे? सही पाहिली आहे, ती मात्र सुरेख. दारावरच्या पाटीवर मी तिचं नाव काढतो, हुबेहूब तसंच वळण. मला त्याचा अभिमान आहे.

१५ फेब्रुवारी, शनिवार

लेक आली. बसने सहा तासांचा प्रवास, आल्या आल्या आईच्या कुशीत शिरली. पस्तिशीची घोडी झाली, पण आईपुढे अजून चिमणीच. मग पाणी प्यायला स्वयंपाकघरात गेली आणि बराच वेळ बाहेर येईना. जाऊन बघतो तर हातात एक झाकण धरून उभी.

"दोरे कुठे गेले बाबा?"

"कापले. मळले होते."

"आईसमोर कापलेत?"

"मग काय चोरून कापू?"

ती झाकण ठेवून बाहेर आली. पलंगाशी टेकवलेला पत्रा बघितला आणि मटकन खाली बसली. म्हणाली, "बाबा, हे पुसा. चित्रं काढा. पेल्याचं, ताटाचं. प्लीज."

मला ते पटलं नाही. "तुझी आई काय बालवाडीत आहे? चौथी पास आहे ती. रोजचा पेपर ऐकल्याशिवाय सकाळ होत नव्हती तिची. मीच वाचून दाखवायचो, ती म्हणायची, तुमच्या तोंडून ऐकलं की बरं वाटतं."

लेकीने आईकडे पाहिलं. आईने मान हलवली. नाही म्हणाली कशाला तरी, एकदा नाही, दोनदा. लेक म्हणाली, "बरं. पण चित्रं काढा. माझ्यासाठी काढा."

१६ फेब्रुवारी

चित्रं काढली. पेला, ताट, पांघरूण, भांडं, वेणीवाली मुलगी म्हणजे लेक. अर्ध्या मिनिटात तिने पेल्यावर बोट ठेवलं! मग ताटावर. मग पेल्यावर. आम्ही तिघं वेड्यासारखे हसत होतो. वाटीभर मऊ भात गेला आज, आजारपणात पहिल्यांदा.

दुपारी डॉक्टरीणबाईंना फोन केला. त्या जरा बुचकळ्यात पडल्या. त्यांच्या मते असं व्हायला नको होतं, पण मेंदूचं काही सांगता येत नाही, कधी कधी अक्षरओळख पुसली जाते.

म्हणजे राग नव्हताच तो. अक्षरंच गेली तिची. माझ्या बायकोची. हात गेला, पाय गेला, ते मी सोसलं, पण हे ऐकून जिन्यात जाऊन बसलो. ज्या घरात अक्षरांवर पोट भरलं त्या घरातल्या बाईची अक्षरं जावीत?

लेकीला सांगितलं. "बाबा," म्हणाली, आणि पुढे, "काही नाही." ती उद्या परत जाणार.

२० फेब्रुवारी

ठरवलं. गेली ती परत आणायची. लेकीची शाळेतली पाटी माळ्यावरून काढली. उशा लावून तिला बसवलं, डाव्या हातात पेन्सिल दिली, हातावर हात धरला आणि पहिल्यापासून सुरू केलं. तिचा हात थरथरत होता. मला वाटलं थकली, म्हणून थांबलो, तर तिनेच माझा हात ओढून पुन्हा पाटीवर ठेवला.

मी सारखा विचारत होतो, "आठवतंय का? हे बघ, हे तर आठवत असेल." ती मान हलवून नाही म्हणायची. "येईल, आठवेल हळूहळू." ती पुन्हा नाही म्हणाली, जोरात, आणि स्वतःच्या छातीवर बोट ठेवून आणखी एकदा नाही. निराश झाली बिचारी. मी म्हणालो, "असा धीर सोडायचा नाही." तिने माझ्याकडे पाहिलं, मग हसली. ओढल्या तोंडाने हसताना ती विचित्र दिसते, आणि मला फार आवडते.

२७ फेब्रुवारी

नऊ अक्षरं झाली. दोन वाट्या भात, अर्धं केळं. आता पाटी दाखवली की जेवते आणि जेवली की पाटी मागते. मला ठाऊक असतं तर पहिल्या दिवशीच पाटी आणली असती.

तिची नजर मात्र गेलेली नाही. मी घाईत काढलेल्या अक्षरावर बोट ठेवते आणि तोंड वाकडं करते. कलतंय! पुसून पुन्हा काढायला लावते. शिकवणारा मी, आणि छडी तिच्या हातात.

३ मार्च

'मीठ' लिहिलं. स्वतः, मी हात न धरता. वाकडंतिकडं, मी गिऱ्हाइकाला दिलं असतं तर पैसे परत मागितले असते. मग फळीकडे बोट केलं. मी डबे एकेक करून दाखवत गेलो आणि तिने बरोबर 'मीठ' वर थांबवलं. झाकण उघडून बोटाला चिमूटभर लावलं आणि तिच्या जिभेवर ठेवलं. तिने डोळे मोठे केले आणि हसायला लागली, थांबेचना. ठसका लागेल म्हणून मी घाबरलो. हसता हसता रडत होती. इतकी खूश मी तिला लेक झाली तेव्हा पाहिली होती.

बाकी राहिलेली अक्षरं येत्या महिन्याभरात होतील. दोन एप्रिलला आमच्या लग्नाचा दिवस. दर वर्षी त्या दिवशी मी दारावरची पाटी नव्याने रंगवतो, वर माझं नाव, खाली तिचं. सकाळी झाडताना ती ती पाटी पुसायची, नेहमी खालची ओळच जास्त वेळ. मी चिडवायचो, नवऱ्याच्या नावावर धूळ आणि स्वतःचं चकाचक. यंदा तिला खुर्चीत बसवून रस्त्यापलीकडे नेईन. बघेलही आणि वाचेलही.

९ मार्च

आज पाणी नीट गिळता आलं नाही. व्यायामाला नको म्हणाली. पाटी मात्र मागितली. 'पाणी' लिहून झालं. मग माझ्याकडे बोट केलं, पाटीकडे बोट केलं. माझं नाव हवं होतं. मी म्हणालो, त्यात एक जोडाक्षर आहे, अजून तिथवर आलो नाही, उद्या घेऊ.

११ मार्च

गेली. सकाळी सव्वासहाला. मी चहा ठेवायला उठलो होतो.

नाव कालच शिकवायला हवं होतं. काल ती दिवसभर झोपून होती, मी उठवलं नाही.

२४ मार्च

लेक तेरा दिवस राहिली. आज जायला निघाली तेव्हा बॅग दारात ठेवून परत आत आली आणि माझ्यासमोर बसली. म्हणाली, "आईने शपथ घातली होती. आता ती मोडते. आईला वाचता येत नव्हतं."

मी म्हणालो, हो ना, आजारात सगळं पुसलं गेलं.

"आजारात नाही बाबा. कधीच नाही. ती शाळेत गेलीच नव्हती. चौथी पास हे मामांनी लग्न जमवायला ठोकून दिलं होतं. तुम्ही बाहेरगावी कामाला गेलात की तुमची पत्रं मी वाचून दाखवायची तिला, सात वर्षांची असल्यापासून. सही तिने दारावरच्या पाटीवरून बोटाने गिरवून गिरवून बसवली होती. दोऱ्यांच्या गाठी म्हणजे कुठल्या डब्यात काय ते. ती चित्रं माझी नाहीत, तिच्या वाण्याच्या याद्या आहेत."

मी विचारलं, मला का नाही सांगितलं? मी काय हाकलून दिलं असतं?

लेक म्हणाली, "सांगणार होती. पहिल्याच आठवड्यात. तेवढ्यात तुम्ही बारा डबे घेऊन आलात. ती म्हणायची, इतक्या हौसेने काढून दिली त्यांनी अक्षरं, आता कुठल्या तोंडाने सांगू की मला ती दिसतात फक्त."

बस चुकेल म्हणून ती गेली. मी तिला नाक्यापर्यंत सोडायलाही उठलो नाही.

ही वही मी गादीखाली लपवत होतो. तिच्यापासून.

२६ मार्च

दोन दिवस जेवलो नाही, शेजारचे ओरडले. डोक्यात एकच चाललं आहे. दोन बोर्ड, एकाच मापाचे, एकाच रंगाचे, आणि मी 'दवाखान्याचा दे' म्हणून निघून गेलो. हातगाडीवाला दारात उभा. तिने काय केलं असेल? कुणाला विचारणार? एकावर बोट ठेवलं असेल, देवाचं नाव घेऊन. आणि मी आल्यावर तिला म्हणालो, आंधळी आहेस का. ती गप्प राहिली. मी आठ दिवस गप्प राहिलो. डावा का उजवा, हे ती मदत मागत होती, आणि मला तो सव्वीस वर्षं टोमणा वाटला.

छातीवर बोट ठेवून नाही, नाही म्हणाली, तेव्हा तिने मला सांगितलं होतं. मी म्हणालो, धीर सोडायचा नाही.

आणि दोरे. आयुष्यभराचं तिचं स्वयंपाकघर मी तिच्या डोळ्यांदेखत कात्रीने कापलं, तर तिने माझ्या मनगटावर हात ठेवला. मी 'हात हलला' म्हणून नोंद केली.

२ एप्रिल, बुधवार

रीत मोडायची नाही म्हणून सकाळी पाटी काढून घासली. वरची ओळ पटकन झाली. खालच्या ओळीला दोन तास लागले. तिने पुसून पुसून तिथला रंग पातळ झाला आहे, खालचा पत्रा लागतो बोटाला.

पाटी दारावर लावली. आता बघायचं कुणी? म्हणून मीच रस्ता ओलांडून तिच्या जागेवर जाऊन उभा राहिलो. तिथून किती तरी वर्षं ती काय बघत होती ते एकदा बघावं म्हटलं. नुसत्या रेघा, वळणं, फटी, कलणं. न वाचता.

जमेना. नजर गेली की नाव वाचलं जायचं. चष्मा काढला. डोळे बारीक केले. मान वाकडी करून पाहिलं. येणारे-जाणारे बघत होते. दर वेळी तेच, माझं नाव आणि खाली तिचं. उन्हात उभा राहून पाय दुखायला लागले तरी मला ते दोन शब्द एकदाही नुसते दिसले नाहीत.

खालच्या ओळीतलं शेवटचं अक्षर कललंय असं वाटतं. नक्की सांगता येत नाही. तिने लगेच सांगितलं असतं.